मिठाच्या पाण्यातली मंडळी

४ जानेवारी

सूनबाई,

सवयीनं लिहिलं गेलं. आता खोडत नाही, कागद चांगला आहे.

पत्र पाहून दचकू नकोस. घरात कोणी आजारी नाही, कोणी गेलेलं नाही, आणि मी तुझी समजूत काढायलाही बसलेले नाही. तू घर सोडून गेल्याला दोन वर्षं झाली, कागदोपत्री सगळं मिटूनही वर्ष झालं. एवढ्या काळात मी तुला एक ओळ लिहिली नाही, तूही लिहिली नाहीस, आणि दोघींचंही काही अडलं नाही. आता माझं अडलंय. प्रश्न एकच आहे. मीठ किती घालायचं?

झालं असं, की मागच्या आठवड्यात स्वयंपाकघरातलं वरचं कपाट आवरायला काढलं. साखरेच्या जुन्या डब्यामागे तुझी एक पुडी सापडली, चॉकलेटी भुकटीची. मला तपकीर वाटली. नाकाशी नेली तर ओल्या दोरखंडासारखा वास. मुलाला दाखवली. तो म्हणाला, "आई, ही तिची माशांच्या खाद्याची अंडी. त्यातून बारीक कोळंबीसारखे किडे निघतात. जुनी झालीत, टाकून दे." हे 'टाकून दे' तो इतकं सहज म्हणाला की माझं डोकंच फिरलं. या घरात काय टाकायचं आणि काय ठेवायचं ते अजून मी ठरवते. मी ती पुडी घेतली आणि पाण्यात टाकली.

काही झालं नाही. मूठभर मीठ घातलं होतं, पाणी नळाचं होतं, बरणी खिडकीत होती. चार दिवस भुकटी नुसती तरंगत राहिली. पाण्याला क्लोरीनचा वास येत होता हे मला तेव्हाच कळायला हवं होतं. सगळी उमर रुग्णालयाच्या धुलाईखान्यात काढली, चादरींचा ढीग बघून पाण्यात काय जास्त झालंय ते सांगायचे मी. पण पाण्यात कपडे धुवायचे आणि त्यात कोणाला जन्माला घालायचं, यात फरक असतो.

अर्धी पुडी शिल्लक आहे. तेव्हा फक्त एवढंच कळव. फोन करणार होते, पण फोनवर गप्प बसलं तर ते समोरच्याला ऐकू जातं.

सही करत नाही. अक्षर ओळखशील.


२२ जानेवारी

सूनबाई,

तुझं कार्ड पोचलं. चार ओळी. पाणी रात्रभर उघडं ठेवा. मीठ एवढं. दिवा जवळ. हवा सतत. खाली नाव नाही, कोणाची चौकशी नाही. मला असंच लिहिलेलं आवडतं. कार्ड माझ्याच नावावर आलं होतं, तरी मी ते उशीच्या अभ्र्यात ठेवलंय. का ते विचारू नकोस.

तू सांगितलंस तसं केलं. सरबताची रिकामी बाटली बुडाशी कापली, झाकण घट्ट लावून, उलटी करून स्टुलाच्या पायांमध्ये बांधली, वरून हवेच्या पंपाची नळी तोंडापर्यंत सोडली. शेजारी तुझा टेबललॅम्प ठेवला. हो, तो तू नेला नाहीस, आणि मी तो कोणाला वापरू दिलेला नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी चहा घेऊन बघायला गेले तर पाणी हलत होतं. बुडबुड्यांमुळे असेल म्हणून पंप बंद केला. तरी हलत होतं. चष्मा पुसून बघितलं. सगळी बाटली केशरी ठिपक्यांनी भरलेली, आणि प्रत्येक ठिपका झटके देत कुठेतरी निघालेला. दिवा डावीकडे सरकवला तर सगळे डावीकडे. उजवीकडे नेला तर उजवीकडे. एवढी शिस्त मी धुलाईखान्यातसुद्धा कधी पाहिली नाही.

चहा गार झाला.

मला मुलगा झाला तेव्हा सगळ्या वॉर्डानं कौतुक केलं होतं. या वेळी हजारभर जन्मले आणि घरात सांगायला कोणी नाही. मुलाला सांगितलं तर म्हणाला, "बरं झालं, आता नळी काढ, लाइटचं बिल येईल." म्हणून तुला कळवलं. तुम्ही त्यांना आर्टेमिया म्हणता. ते नाव माझ्या तोंडात बसत नाही. मी त्यांना मंडळी म्हणते.

खायला काय घालू?


१७ फेब्रुवारी

सूनबाई,

आधी वाईट सांगून टाकते. पहिली खेप गेली, माझ्याच हातानं. तू यीस्ट चिमूटभर लिहिलं होतंस. मला वाटलं, एवढ्या पोरांना चिमटीत काय होणार. वाढताना हात आखडता घ्यायची मला सवय नाही, तुला ठाऊक आहे. दुपारपर्यंत पाणी खळीसारखं पांढरं झालं आणि मंडळी तळाशी. संध्याकाळी मुलानं विचारलं, डोळे का लाल. मी म्हटलं, कांदा चिरला. घरात त्या दिवशी कांदा नव्हता.

उरलेल्या पुडीतून दुसरी खेप काढली आणि आता मी नियम केलाय. बरणीमागे वर्तमानपत्र धरते. पलीकडची अक्षरं वाचता आली तर जेवण, नाही तर उपास. तळाचा गाळ नळीनं ओढून काढते, फडक्यातून गाळते, जे चुकून आले त्यांना चमच्यानं परत सोडते. अशी ही मंडळी जगली आणि मोठी झाली. नुसती मोठी नाही, नखाएवढी. पोट वर, पाठ खाली, असे उताणेच पोहतात, आणि पाय असे एकामागून एक हलतात की दोरीवर वाळत घातलेल्या चादरींवरून वारा जातोय असं वाटतं.

नर मादीला मागून धरतो आणि दिवसचे दिवस सोडत नाही. ती खाते, फिरते, वळते, हा आपला लोंबकळत असतो. तुझे सासरे आज असते तर त्यांना बोलावून दाखवलं असतं. ते मला फक्त रस्ता ओलांडताना धरायचे, तेही गाडी जाऊन झाल्यावर.

नळी घ्यायला शोभेच्या माशांच्या दुकानात गेले तेव्हा लहान बाटलीत चारपाच जण दाखवायला नेले. अभिमान म्हण हवं तर. दुकानदारानं बाटली हातात घेतली ती सोडेचना. एवढे मोठे जिवंत या शहरात कोणाकडे नाहीत, सगळे गोठवलेल्या वड्या विकतात, आहेत तेवढे द्या, माझे मासे तुटून पडतील, असं म्हणाला. मी त्याच्या सगळ्यात मोठ्या टाकीतला सोनेरी मासा दाखवला आणि म्हटलं, "हा द्या. आज तळायचाय."

"मावशी, तो शोभेचा आहे."

"हेही," म्हटलं, आणि बाटली पिशवीत टाकली.

घरात सध्या पाहुण्यांची ये-जा आहे. बाकी नवीन काही नाही.


९ मार्च

सूनबाई,

तुझी पत्रं आता कार्डावरून कागदावर आली, हे मी पाहिलंय. आणि तुझ्या मत्स्यालयातल्या समुद्रघोड्यांबद्दल तू दीड पान लिहिलंस, तेही वाचलं. दोनदा. त्यांची पिल्लं तिथे आजवर कोणाला जगवता आली नाहीत आणि ती तू जगवून दाखवणार, हे तू घर सोडतानाच का नाही सांगितलंस? तेव्हा तू फक्त 'मला काम मिळालंय' म्हणालीस. 'काम मिळालंय' म्हटल्यावर लोकांना हजेरी आणि पगार दिसतो. घोडा दिसत नाही.

माझ्याकडची बातमी मोठी आहे. एका मादीच्या पोटाखालची पिशवी फुगली होती. परवा सकाळी बरणीत पुन्हा केशरी ठिपके. म्हणजे पुडीतून आलेल्यांनी माझ्या घरात जिवंत पिल्लांना जन्म दिला. मी आजी झाले. या घरात तो शब्द आपण सगळ्यांनी फार जपून टाळला, तुझ्यासमोर तर मी नक्कीच टाळला. आता मीच उच्चारला. काही बिघडलं नाही.

बरण्या मी माझ्या खोलीत आणल्यात. तुमची खोली रंगवायला काढलीय.

का, ते आता लिहायलाच हवं. तुला दुसऱ्या कोणाकडून कळण्यापेक्षा माझ्याकडून कळू दे. मुलाची एक मैत्रीण आहे. वर्षाअखेर लग्न करायचं म्हणतात. ती लोकांना गाडी चालवायला शिकवते. दोन बाजूंना ब्रेक असलेली पांढरी गाडी आणि वर 'शिकाऊ' अशी लाल पाटी, तीच घेऊन येते. ती पहिल्यांदा आली तेव्हा ती मला आवडणार नाही हे मी ठरवूनच ठेवलं होतं. चहा मुद्दाम पातळ केला. तिनं दुसरा कप मागितला.

वळवळणारं काही तिला सहन होत नाही. बरणी पाहून ओरडली नाही, पण पाय वर घेऊन बसली. तरी निघताना हात मागे बांधून बरणीजवळ गेली आणि बघत उभी राहिली. "काकू, हे उलटे का पोहतात?" म्हणाली. मी म्हटलं, त्यांना विचारलंस तर ते म्हणतील तुम्ही उलटे चालता. तर हसली, आणि मान वाकडी करून उलटं बघायचा प्रयत्न केला.

ती वाईट नाही. वाईट असती तर किती सोपं झालं असतं.


२ एप्रिल

सूनबाई,

मागच्या पत्राला उत्तर आलं नाही. टपालाचा घोळ असेल. उत्तर यायलाच हवं असंही नाही, मी आपलं कळवतेय की मंडळी मजेत आहेत. तीन बरण्या झाल्यात. मोठ्या बरणीतल्यांना हिरव्या शेवाळाची पूड सुरू केलीय, त्यानं रंग चढलाय.

पोस्टमन आता मला पाहिलं की लांबूनच नकारार्थी मान हलवतो. त्याचा गैरसमज झालाय. मी त्याची वाट बघत नसते, मी खिडकी पुसत असते. आमच्या खिडक्या सध्या फार स्वच्छ आहेत.


११ एप्रिल

सूनबाई,

तुझं पत्र आज आलं. लग्नाबद्दल तू एकच ओळ लिहिलीस, 'मला आनंद आहे, खरंच.' त्यातल्या 'खरंच'कडे मी थोडा वेळ बघत बसले. असो.

उरलेल्या पत्राचं उत्तर असं. तुझा म्हातारा नर घोडा पोटुशी आहे, हे वाचून मी हसले. घोड्यांत नर बाळंत होतो हे तू माझ्या सासूबाई जिवंत असताना सांगायला हवं होतंस. पण पुढचं वाचून हसू गेलं. तो गोठवलेलं अन्न तोंडात घेत नाही, बाजारचं काही घेत नाही, वाळत चाललाय, आणि तुमच्याकडची सगळी मंडळी हीटर अडकून एका दुपारीत शिजली. नवीन काढलीत ती त्याच्या मानानं धुळीएवढी. ती मोठी होईपर्यंत तो टिकणार नाही. तो गेला तर पोटातलीही गेली, आणि तुझं दोन वर्षांचं काम गेलं. तू विचारलंयस, "आई, तुमच्याकडचे मोठे द्याल का?"

नाही.

मला वाईट वाटतंय, पण नाही. दुकानदाराला मी नाही म्हटलं ते दरासाठी नव्हतं. यांना मी अंड्यातून काढलं, एकदा मारलं, मग शिकून जगवलं. जगात सगळीकडे यांना जन्माला घालतात ते कोणाच्या तरी तोंडात द्यायला. एक घर असं असू दे, जिथे ते नुसते म्हातारे होतात. तुझ्या घोड्याला एक जीव, यांनाही प्रत्येकी एक.

रागावू नकोस. रागावलीस तरी उत्तर लिही.


१२ एप्रिल

सूनबाई,

कालचं पत्र पेटीत पडलं होतं. आज सकाळी पोस्टमनकडे परत मागितलं. म्हणाला, देता येत नाही. मी म्हटलं, अक्षर माझं, शाई माझी. तरी नाही म्हणाला. तेव्हा ते आलं की न वाचता फाड. आधीच वाचलं असशील तर हे वाचून फाड.

पत्र टाकून आल्यावर मी दुपारभर बरणीसमोर बसले होते. मंडळी नेहमीसारखी फिरत होती. मला तो दिवस आठवत होता, तू बॅग घेऊन निघालीस तो. मी दारातच होते. तू काही मागितलं नाहीस. थांबवा म्हणाली नाहीस, बाजू घ्या म्हणाली नाहीस, टेबललॅम्पसुद्धा मागितला नाहीस. चप्पल घातलीस आणि गेलीस. एवढी ताठ मान मला आवडली होती आणि तिचा रागही आला होता. सहा वर्षं एका घरात राहून तू माझ्याकडे कधीच काही मागितलं नाहीस. काल पहिल्यांदा मागितलंस, आणि तेही स्वतःसाठी नाही. त्याला मी नाही लिहून कळवलं. हे मला शोभत नाही.

मंडळी पोस्टानं जात नाहीत. मी घेऊन येते. गुरुवारी दुपारपर्यंत पोचेन. मोठ्या बरणीतले सगळे आणते, लहान बरण्या ठेवते. माझं घर रिकामं करून तुझा घोडा जगवणार नाही, हे आधीच सांगते.

कशी येतेय ते विचारू नकोस.


२० एप्रिल

सूनबाई,

काल रात्री नीट पोचलो. तू पाहिलंस ते तुला ठाऊक आहे. तू पाहिलं नाहीस ते लिहिते.

निघायच्या सकाळी नाश्त्याला मी मुलाला सांगितलं की मी तुझ्याकडे जातेय, मंडळी घेऊन. त्याला आपल्या पत्रांबद्दल काही माहीत नव्हतं. तो बराच वेळ ब्रेडला लोणी लावत राहिला, एकाच जागी. मग उठला, दहा लिटरचा डबा उचलला आणि तीन मजले खाली नेला. जिन्यात एक थेंब सांडू दिला नाही. गाडीत मागच्या सीटवर ठेवला, पट्टा लावला, आणि कामाला गेला.

गाडी कोणाची, ते तुला आता कळलं असेल. कळलं नसेल तर सांगते. मी बसनं येणार होते. आदल्या दिवशी मुलगा कामावर असताना ती घरी आली होती, मी तिला बसचं बोलले, तर म्हणाली, "काकू, बसमध्ये पंप कशावर चालवाल? माझ्या गाडीत चालेल." मी म्हटलं, मी कोणाकडे जातेय ते ठाऊक आहे ना? म्हणाली, ठाऊक आहे.

सबंध रस्ता मागचे ट्रक आमच्यावर हॉर्न वाजवत होते. डोक्यावर शिकाऊ अशी पाटी, आत दोन बायका, आणि वेग असा की सायकलवाले वळून बघून जात होते. डबा हिंदकळू नये म्हणून ती प्रत्येक खड्ड्याला गाडी जवळजवळ थांबवायची. मी दर थोड्या वेळानं मागे वळून झाकण उघडून बघायचे. ती विचारायची, आहेत का? मी म्हणायचे, आहेत.

अर्ध्या वाटेत तिनं विचारलं, "ती का गेली, काकू?" मुलगा तिला काय सांगतो ते मला माहीत नाही. मी म्हटलं, "तिला एक काम करायचं होतं, आणि ते समुद्राजवळच होणार होतं. माझ्या मुलाला वाटलं ती त्याच्यापासून लांब चाललीय. ती फक्त समुद्राकडे चालली होती." तिनं एक खड्डा अगदी हळू पार केला. मग म्हणाली, तिला स्वतःची मोटारशाळा काढायचीय, दुसऱ्याच्या गाड्या चालवून कंटाळलीय, पण हे तिनं मुलाला अजून सांगितलेलं नाही. मी म्हटलं, गाडी बाजूला घे आणि आत्ता फोन कर. तिनं केला. मी तोवर झाकण उघडून मंडळी बघत बसले.

मग तुझं मत्स्यालय. मागच्या दारानं गेलो, ओली फरशी, भिंतभर पाइप, गमबुटांची रांग. तू दारात आलीस, मला बघितलंस, आणि आपण दोघीही काय करावं हे न सुचून डब्याकडे बघायला लागलो. माझ्यामागे डबा धरून ती उभी होती. तू तिला म्हणालीस, "तुम्ही मदतीला आलात का?" ती हो म्हणाली. मी ओळख करून दिली नाही. तू तिला गमबूट दिलेस, आत घेऊन गेलीस, तिच्या हातात जाळी दिलीस आणि मनगट कसं वळवायचं ते तिचा हात धरून दाखवलंस. वळवळणारं काही सहन न होणारी ती बाई कोपरापर्यंत माझ्या मंडळींत हात घालून उभी होती, आणि चेहरा पांढराफटक पडला तरी जाळी हलू दिली नाही. मी तिथे होते, म्हणून सांगते. मला दोघींचा इतका अभिमान वाटला की मी भिंतीवरचा पाइप धरून उभी राहिले.

घोडा तुझा खरंच वाळला होता. पोट तेवढं फुगलेलं, शेपटी दोरीला गुंडाळून बसलेला, सगळ्या जगाचा कंटाळा आल्यासारखा. पहिले दोघे-तिघे त्याच्या समोरून उताणे गेले, त्यानं ढुंकून पाहिलं नाही. तुझा श्वास मला ऐकू येत होता. मग त्याचा एकच डोळा फिरला. दुसरा जागच्या जागी. मग मान किंचित झुकली, आणि 'टक्'. दिसलंच नाही, होता तो नाहीसा झाला. मग पुन्हा टक्.

मला वाटलं होतं मला बघवणार नाही. बघवलं. पाण्यात त्यांच्यासारखं चपळ दुसरं काही नव्हतं, आणि त्या म्हाताऱ्याला ते तसे होते म्हणूनच हवे होते. गाळातले, अर्धमेले असते तर त्यानं तो एक डोळाही फिरवला नसता. तुझे वरिष्ठ आले, त्यांनी पाण्यात वाकून पाहिलं आणि मला विचारलं, एवढे मोठे कसे केलेत. मी म्हटलं, रोज वर्तमानपत्र दाखवून. ते गोंधळले. तू हसलीस. मला समोरासमोर तुझं हसू बघून दोन वर्षं झाली होती.

आता मी जे केलं नाही ते करते. जाळी धरून उभी होती ती मुलाची होणारी बायको. तुला न सांगता तुझ्या मत्स्यालयात तिला आणलं, हे बरोबर की चूक ते तू ठरव. तिनं परतताना फक्त एवढंच विचारलं, "त्यांना कळलं असतं तर त्यांनी मला आत घेतलं असतं का?" मी म्हटलं, तिलाच विचारते. उत्तर देता आलं तर लिही.


६ मे

सूनबाई,

तुझं कार्ड आज दुपारी आलं. खिडकी मी खरोखरच पुसत होते. पोस्टमननं लांबूनच हात वर केला.

रात्री जेवायला सगळे होते, ती पण होती. मी कार्ड सगळ्यांसमोर मोठ्यानं वाचलं. उभी राहून वाचलं. 'काल पहाटे पिल्लं झाली. तीनशेच्या वर असावीत, मोजताना हलतात. सगळी खातायत. बाप सुखरूप.' आयुष्यात बाळंतपणाच्या किती बातम्या आल्या, 'बाप सुखरूप' असं कोणी पहिल्यांदाच कळवलं. तीनशे पिल्लं, म्हणजे तीनशे वेळा मीच काहीतरी केल्यासारखी मी उभी होते, आणि मला त्याची जराही लाज वाटली नाही.

मग खालच्या दोन ओळी वाचल्या. 'गाडीवरची पाटी मला खिडकीतून दिसली होती. तुम्ही मार्चमध्ये लिहिलं होतंत, म्हणून लगेच ओळखलं. जाळी ओळखूनच दिली. हात स्थिर आहे तिचा, सांगा तिला.'

ती लाल झाली. ताटाकडे बघत राहिली, मग स्वतःच्या हाताकडे, कोणी नवीन आणून दिल्यासारखा. मग म्हणाली, परत कधी मंडळी न्यायची असतील तर गाडी आहे, आणि येत्या महिन्यात ती गाडी तिच्या स्वतःच्या शाळेची असेल. हे ती मुलाकडे बघून म्हणाली. मुलानं मान हलवली. त्याला फोनवर आधीच कळलं होतं ना. या वेळी त्याला वेळेवर कळलं.

तुला आणखी एक सांगायचंय, ज्यासाठी खरं तर हे पत्र. तू गेल्यापासून त्यानं तुझं नाव घेतलं नव्हतं. मी तुझ्याकडे जाऊन आले त्यानंतरही काही विचारलं नाही. आज सगळे उठले, ती भांडी ठेवायला आत गेली, आणि तो कार्ड हातात घेऊन उलटंसुलटं बघत म्हणाला,

"कशी आहे ती?"

मी म्हटलं, "कामात आहे."

त्यानं कार्ड माझ्या ताटाशेजारी ठेवलं. "मग बरी आहे," म्हणाला.

त्याचे शब्द जसे होते तसे लिहिलेत. माझी त्यात भर नाही.